‘उरले’ म्हणजे वजाबाकीच असं कुणी सांगितलं?

पत्र :

बाई, माझी लेक सहावीत आहे, सेमी इंग्लिशला. ‘क्ष अधिक ७ बरोबर १२’ असली गणितं ती फटाफट सोडवते. तेच शब्दांत आलं की “आई, बेरीज करू का वजाबाकी?” म्हणत माझ्या तोंडाकडं बघत बसते. मी मोबाईलवर व्हिडिओ बघून तिला शब्दांची यादी करून दिली. ‘टोटल’ आलं की बेरीज, ‘लेफ्ट’ आणि ‘लेस’ आलं की वजाबाकी, ‘ईच’ आलं की भागाकार. यादी फ्रिजवर चिकटवली आहे. तरी चाचणीत दहापैकी तीन. त्यातलं एक उदाहरण : दुकानात सकाळी गुळाचे काही रवे (ढेपा) होते, १८ विकले, २७ उरले, तर सकाळी किती होते? तिनं २७ वजा १८ केलं आणि ९ लिहून आली. मिस्टर मार्केट यार्डात गुळाच्या अडतीवर हिशेबाला आहेत. ते हसायलाच लागले, “नऊच रवे होते तर अठरा विकले कसे?” लेक रुसून आत गेली. दुसरं म्हणजे सोपी उदाहरणं ती मनातच सोडवते, समीकरण लिहीत नाही, म्हणून तिथंही गुण कापतात. माझी यादी अपुरी आहे का? पूर्ण यादी कुठं मिळेल? की क्लास लावू?
– एक आई, कसबा बावडा, कोल्हापूर

उत्तर :

ताई, पूर्ण यादी मी देत नाही, आणि आहे तीही आज संध्याकाळी फ्रिजवरून काढा. तुमच्या लेकीनं यादीचं अगदी इमानदारीनं ऐकलं. ‘विकले’ दिसलं, ‘उरले’ दिसलं, वजाबाकी करून मोकळी झाली. तिला नऊ रवे यादीनं दिले. तुम्हाला मी बोल लावत नाही हं. नोकरीची पहिली चार-पाच वर्षं फळ्याच्या कोपऱ्यात हीच यादी मीही लिहून ठेवत होते, आणि मुलं वहीच्या मागच्या पानावर ती उतरवून घेत होती. चौथी-पाचवीपर्यंत यादी बऱ्यापैकी चालतेसुद्धा. म्हणून तर तिच्यावर विश्वास बसतो.

चौथीत ती का चालते ते बघा. तिथलं उदाहरण असं असतं : दुकानात ४५ रवे होते, १८ विकले, किती उरले? सुरुवात माहीत, मध्ये काय घडलं तेही माहीत, विचारलाय तो शेवट. गोष्टीत वजाबाकी घडते आणि उत्तरालाही वजाबाकीच लागते. सहावीत समीकरणं आली की शेवट सांगून टाकतात आणि सुरुवात विचारतात. गोष्टीत वजाबाकीच घडलेली असते, पण मागं जायचं तर बेरीज करावी लागते. बिनखांबी गणपतीकडून महाद्वार रोडनं पापाच्या तिकटीला गेलेल्या माणसाला घरी यायला त्याच रस्त्यानं उलटं चालावं लागतं, तसं. यादीतला शब्द फक्त जातानाचा रस्ता सांगतो. आणि मूल विचारतं, “बेरीज करू का वजाबाकी?” त्याचं खरं उत्तर ‘दोन्ही’ असं आहे. समीकरण लिहिताना वजाबाकी, ते सोडवताना बेरीज. हे दोन वेगळे टप्पे आहेत आणि लेक ते एकाच उडीत ओलांडायला बघतेय.

म्हणून तिला पहिल्यांदा सोडवायला लावूच नका. आकड्यांवर अंगठा ठेवा आणि विचारा, “काय झालं सांग बरं?” तिनं म्हणायला हवं, “दुकानात रवे होते. काही विकले. काही उरले.” बास. मग विचारा, “यातलं काय ठाऊक आहे, काय ठाऊक नाही?” अंगठा काढा. विकलेले ठाऊक, उरलेले ठाऊक, सकाळचे ठाऊक नाहीत. या दोन प्रश्नांना सुरुवातीला पाच मिनिटं लागली तरी लागू द्यात. गणिताच्या तासाला एवढा वेळ मिळत नाही, घरी मिळतो.

आता खरी अडचण येते, आणि ती गणिताची कमी, धीराची जास्त आहे. जे माहीत नाही ते लिहायचं कसं, असं मुलांना वाटतं. आजवर त्यांनी वहीत फक्त माहीत असलेले आकडे लिहिलेत. आधी उत्तर सापडलं पाहिजे, मगच लिहायला हात उचलायचा, ही सवय. बीजगणित नेमकं उलटं सांगतं : माहीत नाही ना, नाव दे आणि पुढं चल. भास्कराचार्यांनी ११५० च्या सुमारास बीजगणित लिहिलं, त्यात अज्ञात संख्येला ‘यावत्तावत्’ म्हटलंय. म्हणजे जेवढं असेल तेवढं. एकाहून जास्त अज्ञात आले तर पुढच्यांना रंगांची नावं, काळा, निळा, पिवळा. मला हा शब्द क्षपेक्षाही आवडतो, कारण तो ऐकून मूल बिचकत नाही. “सकाळी किती रवे होते?” “जेवढे असतील तेवढे.” “बरं, त्यातून अठरा गेले.” “जेवढे असतील तेवढे, वजा अठरा.” “राहिले किती?” “सत्तावीस.” हे बोलणं झालं म्हणजे समीकरण झालं. आता ‘जेवढे असतील तेवढे’ याच्या जागी एक अक्षर ठेवा :

क्ष – १८ = २७

पुस्तकात इंग्रजी एक्स असेल, तिनं तो वापरावा. मी आमच्या वेळच्या क्षवर वाढले, म्हणून इथं क्ष. काही मुलांना रव्यांसाठी ‘र’ घ्यावंसं वाटतं. घेऊ द्या, पण एक बजावून सांगा : र म्हणजे रवा नव्हे, रव्यांची संख्या. हसू नका, पुढं आठवीत ‘३ र म्हणजे तीन रवे’ वाचणारी मुलं इथंच तयार होतात. वहीत पहिली ओळ पूर्ण वाक्य हवी : ‘समजा, सकाळी दुकानात क्ष रवे होते.’ नुसतं ‘समजा क्ष’ लिहिलं तर उत्तर आल्यावर ते कशाचं हे तिचं तिलाच आठवत नाही.

आता सोडवणं. तुमच्या पत्रात नाही, पण वर्गात बहुतेकांना शिकवलेलं असतं की ‘बरोबरच्या पलीकडं नेलं की चिन्ह बदलतं’. तुमच्या लेकीलाही ते येत असणार, कारण ती नुसती समीकरणं फटाफट सोडवते म्हणालात. तिला ‘५क्ष = ३५’ द्या आणि गप्प बसून बघा. बरीच मुलं क्ष = ३५ – ५ = ३० लिहितात. त्यांच्या हिशेबात पाच पलीकडं गेला, चिन्ह बदललं, काम झालं. ५ आणि क्ष यांच्यामध्ये गुणाकार आहे, तो दिसत नाही, मग चिन्ह बदलायचं कुणाचं?

यापेक्षा तराजू बरा. मिस्टरांना विचारा, काटा सरळ उभा असताना एका पारड्यातून काही उचललं तर काय होतं. दोन्हीकडं सारखंच टाकलं किंवा सारखंच काढलं तरच काटा हलत नाही. क्ष – १८ आणि २७ ही दोन पारडी. क्षमधून अठरा गेलेत ते परत घाला, म्हणून डावीकडं अठरा. मग उजवीकडंही अठरा.

क्ष – १८ + १८ = २७ + १८
क्ष = ४५

मधली ओळ मुलांना कंटाळवाणी वाटते. पहिले दोन महिने ती लिहायलाच लावा, मग आपोआप गळते. गुणाकार असला की दोन्ही बाजूंना भागा, भागाकार असला की दोन्ही बाजूंना गुणा. चिन्हाचा नियम पाठ करावाच लागत नाही.

‘=’ या खुणेबद्दल थोडं, कारण तीच सगळ्यात दुर्लक्षित आहे. १५५७ मध्ये रॉबर्ट रेकॉर्ड या वेल्श गणितज्ञानं ती पहिल्यांदा छापली. दोन समांतर रेषांइतक्या सारख्या दोन गोष्टी असूच शकत नाहीत, हे त्याचं कारण. मुलांना मात्र ती ‘आता उत्तर लिही’ अशी हुकमाची घंटा वाटते. आज जेवताना लेकीला विचारा : ८ + ४ = ☐ + ५, चौकोनात काय? १२ म्हणाली तर ती तराजू बघत नाहीये, घंटा ऐकतेय. मग शब्दांची उदाहरणं आठवडाभर बाजूला ठेवून अशी दहा-बारा चौकोनाची गणितं करा. ७ म्हणाली तर पुढं चला.

आता सेमी इंग्लिशचं. यावर जरा रेंगाळते, कारण कोल्हापुरात घरोघरी हीच तऱ्हा आहे. गणित इंग्रजीत, आई मराठीत, आणि मूल मध्ये. इंग्रजीत वाक्य येतं, ‘सेव्हन लेस दॅन अ नंबर’. मूल डावीकडून उजवीकडं उतरवत जातं : सात, वजा, संख्या. ७ – क्ष. चूक. इंग्रजीत शब्द एका क्रमानं आणि गणित दुसऱ्या क्रमानं चालतं. हेच मराठीत म्हणा : ‘एका संख्येपेक्षा सातनं कमी’. संख्या आधी आली, सात नंतर, कमी शेवटी. क्ष – ७. शब्द जसे आले तसं लिहिलं आणि बरोबर आलं! ‘एका संख्येतून सात वजा केले’ घ्या, ‘एका संख्येला चारनं भागलं’ घ्या, मराठीत अज्ञात संख्या आधी येऊन बसते आणि तिच्यावर काय घडलं ते मागून येतं. आपली भाषा या बाबतीत बीजगणिताला सोयीची आहे, आणि आपण तीच घरात गणितापुरती बंद ठेवतो. तेव्हा लेकीला इंग्रजी उदाहरण वाचून झाल्यावर मराठीत सांगायला लावा. लिहायची गरज नाही, तोंडी. वहीत इंग्रजीच राहू दे.

मराठी असली तरी ‘पेक्षा’ सापळा लावतोच, फक्त वेगळ्या जागी. तालमीतलं उदाहरण घ्या. थोरल्या पैलवानापेक्षा धाकटा १२ किलोनं कमी आहे. धाकट्याचं वजन ५८ किलो. थोरल्याचं किती? ‘कमी’ वाचून ४६ लिहिणारी मुलं मी ढीगभर पाहिलीत. थोरला धाकट्याहून हलका झाला, हे त्यांच्या गावीही नसतं. इथं आकड्यांच्या आधी एकच प्रश्न : जड कोण? थोरला. मग थोरल्याचं वजन क्ष, क्ष – १२ = ५८, क्ष = ७०. ‘जास्त’ असलं तरी हाच प्रश्न. ‘माझ्याकडं तुझ्यापेक्षा ८ गोट्या जास्त आहेत, माझ्याकडं २३’, तर तुझ्याकडं जास्त की कमी, एवढं आधी ठरलं की ३१ लिहायला हात जातच नाही.

तुमच्या यादीतल्या ‘ईच’चीही हीच कथा. रंकाळ्यावर चौघी मैत्रिणींनी भेळ खाल्ली, बिल सारखं वाटून घेतलं, प्रत्येकीला ४५ रुपये आले. बिल किती? यादी म्हणते भागाकार. ४५ भागिले ४ करून सव्वाअकरा रुपयांत चौघींची भेळ उरकणारी मुलं असतात. क्ष ÷ ४ = ४५, दोन्हीकडं चारनं गुणा, १८०.

दुसरा प्रश्न, मनात सोडवण्याचा. यात लेकीचं चुकत नाही हो. ‘एका संख्येत ५ मिळवले तर १२ होतात’ याला समीकरण कशाला? तिला दिसतंय सात. आपण तिला नळाखाली पोहायला शिकवतोय. मनात येत असेल तर शाबासकी द्या आणि मग असं उदाहरण द्या जे मनात मावणार नाही. पावसाळा आला की आपल्याकडं ती आयती मिळतात. राधानगरी धरणाला सात स्वयंचलित दरवाजे आहेत, एक उघडला की १४२८ क्युसेक (सेकंदाला तेवढे घनफूट) पाणी सुटतं. बातमीत आलं की दरवाजांतून ४२८४ क्युसेक विसर्ग सुरू आहे. किती दरवाजे उघडले? १४२८ क्ष = ४२८४. दोन्हीकडं १४२८ नं भागायचं, क्ष = ३. हे मनात करून दाखव म्हणा! पुढच्या इयत्तांत यातच वीजगृहातून सुटणारं १५०० क्युसेक मिळवायचं. एकूण ४३५६ असेल तर दरवाजे किती? १४२८ क्ष + १५०० = ४३५६. ही दोन पायऱ्यांची गोष्ट, आत्ता तिच्या वाटेला जाऊ नका. पण लेकीनं स्वतःहून विचारलं तर अडवूही नका.

आणि पंचगंगा तर तुम्हा बावडेकरांच्या दारातच, राजाराम बंधारा तुमचाच. जुलैत घराघरांत एकच विचारणा असते, पाणी किती फुटांवर? इशारा पातळी ३९ फूट, धोका पातळी ४३ फूट, हे आकडे तुमच्या लेकीला पाढ्यांसारखे पाठ असतील. पाणी ३६ फुटांवर आहे, अजून किती चढलं की इशारा? ३६ + क्ष = ३९. रात्रीत ५ फूट चढून पाणी ४१ वर आलं, तर संध्याकाळी किती होतं? क्ष + ५ = ४१. पाणी २ फुटांनी उतरून ४१ वर आलं, तर आधी किती होतं? क्ष – २ = ४१, म्हणजे धोका पातळी, ४३. शेवटच्या दोन्हींत ४१ हाच आकडा, पण एकात पाणी चढतंय आणि दुसऱ्यात उतरतंय. तिला विचारा, कुठल्या रात्री सामान माळ्यावर ठेवायचं? हे ज्या मुलीला कळतं तिला समीकरण कळतंच.

आता मिस्टरांविषयी. ते हसले ते बरं नाही झालं, पण त्यांनी विचारलेला प्रश्न लाखमोलाचा होता. “नऊच रवे होते तर अठरा विकले कसे?” यालाच ताळा म्हणतात. उत्तर परत गोष्टीत घालायचं आणि गोष्ट घडते का ते बघायचं. ४५ होते, १८ विकले, २७ उरले. जमलं. अडतीवर दिवसाचा हिशेब जुळल्याशिवाय ते घरी येत नसतील, तेच लेकीनं वहीत करायचं. ताळा समीकरणात घालून करू नका, गोष्टीत घालून करा. समीकरणच चुकलं असेल, २७ – १८ = क्ष असं लिहिलं असेल, तर त्यात ९ घातल्यावर सगळं छान जुळतं! चूक पकडली जाते ती दुकानात उभं राहून. तेव्हा रोज एका उदाहरणाचा ताळा बाबांनी ऐकायचा. न हसता, एवढं मात्र त्यांना सांगा.

क्लास लावू नका. आठवड्यातून तीन दिवस, पंधरा मिनिटं, दोनच उदाहरणं. त्यातलं एक उलटं करा : तुम्ही समीकरण द्या, गोष्ट तिनं रचायची. ‘क्ष – १८ = २७ ची गोष्ट सांग.’ सुरुवातीला तीच रव्यांची गोष्ट परत येईल, चालेल. मग ‘६ क्ष = ४२’ द्या, ‘क्ष ÷ ३ = १५’ द्या. माझ्या वर्गात एका मुलानं ‘क्ष – ९ = ०’ ला सांगितलेली गोष्ट अजून आठवते : “घरात पाहुणे आले, काही लाडू होते, पाहुण्यांनी नऊ खाल्ले, आम्हाला काही नाही.” त्याला मी त्या दिवशी पैकीच्या पैकी दिले.

फ्रिजवर यादीची जागा मोकळी झाली की तिथं लेकीनं रचलेलं एक उदाहरण लावा, दर आठवड्याला नवं. पहिलं गुळाचं असलं तर आधी मिस्टरांकडून तपासून घ्या. नऊ रव्यांतून अठरा विकणारं दुकान पुन्हा नको.